अक्रोडाच्या वळणापर्यंत

२१ फेब्रुवारी, शनिवार

आले एकदाची या घरात. ओग्न्यानशी लग्न होऊन तीन आठवडे झाले, पण प्लोव्हदिवच्या औषधाच्या दुकानातून सुटका होईपर्यंत इकडे येणं जमत नव्हतं. आता इथल्याच दुकानात लागलेय, दुपारी दोनची पाळी. म्हणजे सकाळ माझी.

घर छान आहे. अंगणात द्राक्षांचा मांडव, त्याखाली गाडी, आणि रस्त्यापलीकडच्या विजेच्या खांबावर करकोच्यांचं रिकामं घरटं. सासूबाईंनी मी पोचायच्या आधीच चीजची बानित्सा भाजून ठेवली होती. तिसरा तुकडा नको म्हटल्यावर त्यांचा चेहरा असा पडला की मी तिसराही खाल्ला आणि चौथाही. पहिल्याच दिवशी कोणाला दुखवायचं नाही असं ठरवून आले होते.

बिलियाना सात वर्षांची आहे. ओग्न्यानच्या पहिल्या बायकोची, झोर्नित्साची मुलगी. झोर्नित्सा दोन वर्षांपूर्वी रस्त्यावरच्या अपघातात गेली, याहून जास्त ओग्न्यान सांगत नाही आणि मी विचारत नाही. बिलियाना मला रादोस्तिना म्हणते, पूर्ण नावानं, हजेरी घेतल्यासारखी. मी घाई करणार नाही. पण वहीत खोटं कशाला लिहू, तिच्या तोंडून आई ऐकायचंय मला. स्वतःचं मूल होणार नाही असं डॉक्टरांनी सांगून टाकलेल्या बाईला दुसरं काय हवं असणार.

२४ फेब्रुवारी, मंगळवार

गाडीत कॅमेरा बसवून आणला. कल्पना माझी, कारण संशयी स्वभावही माझा. या रस्त्यांवर कॅमेरा नसला की धडक देणाराच साक्षीदार होऊन उभा राहतो.

निघताना सासूबाईंनी तांब्याभर पाणी आणून चाकांपुढे ओतलं, काम पाण्यासारखं सरळ होऊ दे म्हणाल्या. मी म्हटलं, आई, गॅरेजपर्यंत तर जातेय. त्या म्हणाल्या, जाणारा किती लांब जातोय हे पाण्याला कशाला सांगायचं, पोरी.

वेस्को मेस्त्री तोंडातली सिगरेट न काढता बोलतो. लोक बाजारातून स्वस्तातला कॅमेरा आणतात, काचेला चिकटवतात आणि वायर शेपटीसारखी लोंबू देतात, याचा त्याला भारी राग. आमचा कॅमेरा आरशामागचं मूळ झाकण काढून त्याच जागी बसतो. वायर छताच्या अस्तरातून जाते, बघणाऱ्याला वाटावं गाडी कारखान्यातूनच अशी आली. एक भिंग रस्त्याकडे, एक आत.

झाकण निघेना, कारण आरशाच्या दांड्याला जुनी मार्तेनित्सा गुंडाळलेली होती. लाल-पांढऱ्या लोकरीचा तो धागा मळून पार राखाडी झालेला. वेस्कोनं पकड खाली ठेवली आणि विचारलं, बाई, हा ज्यानं बांधला त्याला करकोचा दिसला होता का? मी हसले. म्हणाला, हसा, पण मी कापणार नाही. मग मीच कापला. एक मार्चला बांधायचा, करकोचा दिसला की सोडून फुललेल्या झाडाला बांधायचा, हे मलाही लहानपणापासून ठाऊक आहे. पण एवढ्या मळक्या लोकरीसाठी कोण झाड शोधत बसतं? तेलकट चिंध्यांच्या डब्यात टाकला.

२५ फेब्रुवारी, बुधवार

सकाळभर कॅमेऱ्याची माहितीपुस्तिका वाचली. ओग्न्यान म्हणतो, ही पुस्तिका पूर्ण वाचणारी जगातली एकटी बाई मला बायको म्हणून मिळाली. कार्ड घातलं, घड्याळ लावलं, फोनमध्ये ॲप घेऊन जोडलं. गाडी कुठून कुठे गेली ते नकाशावर निळ्या रेघेनं दिसतं. उभ्या गाडीला धक्का लागला तरी नोंद होते. आतून एक बाई बातम्या दिल्यासारखी बोलते: चित्रण सुरू झालं. धक्का नोंदला. बिलियानाला ती फार आवडली.

रात्री मी कामावरून आल्यावर ओग्न्यान गाडीत डोकावला आणि धागा कुठाय विचारलं. मी सांगितलं. त्यानं आरशाच्या रिकाम्या दांड्यावरून बोट फिरवलं. म्हणाला, जाऊ दे, तुला कुठे माहीत होतं. काय माहीत नव्हतं मला?

१ मार्च, रविवार

सगळ्यांच्या मनगटावर नव्या मार्तेनित्सा. बिलियानाला मी बांधली, तिनं बांधून घेतली. मग म्हणाली, गाडीलाही लागेल. आई बांधायची. गाडीत बसायच्या आधी आई टपावर दोन टिचक्या मारायची, गाडीला उठवायला. बिलियानाही मारते, टक टक.

मी विचारलं, मग आईनं सोडली का नाही? म्हणाली, आम्ही दोघींनी मिळून करकोचा बघितला की सोडायची असं ठरलं होतं. मग मीच बघायचं बंद केलं.

खांबाखालून जाताना ती मान खाली घालते ते आज लक्षात आलं. फार वाईट वाटलं. वेस्कोकडच्या चिंध्यांच्या डब्यापाशी मी पुन्हा गेले, तर कचरा कधीच गेला होता. गाडीला नवी बांधली.

५ मार्च, गुरुवार

नकाशावर एक रेघ आहे जी माझी नाही. काल दुपारी बारा दहाला गाडी बेकरीपर्यंत गेली आणि परत आली. मी तेव्हा घरात झोपले होते. हल्ली जेवून पडलं की अशी गाढ झोप लागते की दोनच्या पाळीला धावत जावं लागतं. सासूबाईंना गाडी चालवता येत नाही. ओग्न्यान धरणाच्या कचेरीत सहकाऱ्याच्या गाडीनं जातो, निदान तसं सांगतो. चित्रण उघडलं तर फाइल खराब.

एकदा फसलेली बाई आहे मी. भर दुपारी घरी येऊन गुपचूप गाडी नेणारा माणूस बेकरीत पाव आणायला जात नसतो.

९ मार्च, सोमवार

शुक्रवारी रेघ चर्चपर्यंत. शनिवारी पाण्याच्या टाकीपर्यंत. आज गावाबाहेर, नदीकडच्या अक्रोडाच्या वळणावर. तिथे गाडी अकरा मिनिटं उभी होती.

ओग्न्यानपुढे फोन ठेवला. कोण राहते तिकडे, असं सरळ विचारलं. तो पांढराफटक पडला. म्हणाला, तिकडे कोणी राहत नाही. झोर्नित्सा तिथे गेली. बिलियानाला शाळेतून लवकर आणायला निघाली होती, करकोचे आले होते म्हणून. वळणावर तिला खांबावर एक दिसला असावा, ती गाडी थांबवून उतरली, रस्त्याच्या बाजूनं. मागून ट्रक आला. गाडीला ओरखडासुद्धा नव्हता. दार उघडं, इंजिन चालू.

म्हणाला, त्या दिवसापासून या गाडीच्या स्टिअरिंगला मी हात लावलेला नाही. आणि मग माझ्याकडे अशा नजरेनं बघितलं की मलाच चोरी केल्यासारखं वाटलं. म्हणाला, किल्ली तुझ्याकडे असते, रादोस्तिना.

११ मार्च, बुधवार

आतल्या भिंगाच्या चित्रात वरच्या बाजूला काहीतरी लोंबतंय. दोन टोकं, एक लाल, एक पांढरं. नवी मार्तेनित्सा असेल म्हणून गाडीत गेले, तर ती तुटून पायाशी पडलेली. आरशाला काहीच नाही. फोनमध्ये बघितलं, तर टोकं आहेतच. गाडी उभी, काचा बंद, आणि ती हलताहेत.

वेस्कोकडे गेले. त्यानं फोनमध्ये बघितलं, आरशाकडे बघितलं, सिगरेट विझवली. म्हणाला, बाई, यंत्रात दोष नाही. कॅमेरा काढून टाक म्हटलं तर म्हणाला, सोडायचा धागा तुम्ही कापलात, आता मी आणखी काही कापायचा नाही.

१३ मार्च, शुक्रवार

आज गाडीच्या चाकांपुढे जमीन ओली होती. पाऊस नाही.

सासूबाईंना विचारलं. म्हणाल्या, मीच ओतलं की पाणी, रोजच ओतते. कोणासाठी, विचारलं. त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. म्हणाल्या, अगं, तुझ्यासाठी. बारा वाजले की पोरीला आणायला जाते म्हणून निघतेस आणि घटकाभरानं हात हलवत येतेस. मी म्हटलं, जीव रमत नसेल बिचारीचा, जाऊन बघून येत असेल. आणि पोरी, टपावर टिचक्या मारायचं तुला बिलियानानं शिकवलं वाटतं?

बिलियानाला शाळेची बस आणते. मी त्या रस्त्यानं एकदाही गेलेले नाही.

१६ मार्च, सोमवार

आज पहिल्यांदा एक फाइल उघडली.

टक टक. दार उघडतं. मी. माझा करडा कोट, माझे केस. पट्टा लावते. कॅमेऱ्यातली बाई म्हणते, चित्रण सुरू झालं. मी आरशाला हात लावते, धागा सारखा करावा तशी, आणि हसते. इतकी आनंदी मी आयुष्यात दिसलेली नाही.

आजची रेघ शाळेच्या फाटकापर्यंत गेलीय.

मला कशाची भीती वाटते ते नीट लिहून ठेवते, म्हणजे नंतर बदलता येणार नाही. माझं काय होईल याची नाही. झोर्नित्सा बिलियानाला आणायला निघालीय. अर्धी राहिलेली फेरी पुरी करणार. आणि शाळेत आणायला येणाऱ्यांच्या यादीत माझं नाव आहे. मला बघून बाई पोरीला हसत हसत पाठवतील.

१७ मार्च, मंगळवार

किल्ली ओग्न्यानला दिली, तो कामावर घेऊन गेला. मागच्या दारांना लहान मुलांची कळ लावली, आता ती आतून उघडत नाहीत. शाळेत फोन करून सांगितलं की मी आले तरी मुलीला देऊ नका. पलीकडून विचारलं, मी म्हणजे कोण? मी नाव सांगितलं. बाई म्हणाल्या, अहो, तुम्हीच तर सकाळी सांगितलंत की गुरुवारी लवकर न्यायला येणार.

मी सकाळी फोन केलेला नाही. रागावून बोलले. त्या हो हो म्हणाल्या, वेड्याला म्हणतात तसं.

गुरुवार म्हणजे एकोणीस. झोर्नित्सा गेली तो दिवस. तिच्या नावानं शिजवून वाटायला सासूबाई आधीच गहू भिजवताहेत.

१८ मार्च, बुधवार

कोटाच्या खिशात दुसरी किल्ली. तिला जुनी लाकडी घंटी. या घरात अशी किल्ली मी कधी बघितली नव्हती. विहिरीत टाकली.

झोपायचं नाही. उभ्यानं कॉफी पितेय. अकरा. साडेअकरा. सासूबाईंना सांगितलं, मला खोलीत कोंडा, काही झालं तरी एकपर्यंत उघडू नका. त्या रडल्या, पण कोंडलं.

एक वाजला. मी खोलीतच. वाचले —

बूट ओले आहेत.

कॅमेरा बघितला. कुलूप लागलेल्या खोलीतून मी — गाडीशी, मागचं दार उघडून वाकलेली. बोटानं कळ वर. दुसऱ्या बाजूची पण. मग भिंगाकडे बघून बोटांनी टक टक.

१९ मार्च

ओग्न्यान घरी राहिलाय. दाराबाहेर बसलाय. बिलियानाला शाळेत पाठवू नको म्हटलं तर म्हणाला, तुझ्यापासून ती तिथेच बरी. मी त्याला दोष देत नाही. पण आज तिथे

बारा

—

वही स्टिअरिंगवर आहे. गाडीला विहिरीत टाकलेली किल्ली लागलीय, अजून ओली. पेन माझ्या हातात. हात तेवढा माझा आहे, बाकी नाही.

शाळा. फाटक. बिलियाना पळत येतेय. बाईंनी हात हलवला. मी ओरडतेय की नको, आणि तोंड हसतंय.

टक टक.

ती मागे बसली. माझ्या मागच्या सीटवर. आज मान खाली नाही. म्हणाली, आई, आलीस.

आई म्हणाली. मला वाटलं — एक क्षण वाटलं मला —

ती माझ्याकडे बघत नाहीये. आरशाकडे बघतेय. आरशाला धागा आहे. नवा कोरा, लाल, पांढरा.

—

अक्रोड. गाडी थांबली. इंजिन चालूच. खांबावर करकोचा. मी वर बघणार नाही. दोघींनी बघितला की — मी बघणार नाही

ती म्हणतेय, आई, इथून नीट दिसत नाही, उतरू? मी नाही म्हणतेय. माझ्या तोंडून हो आलं.

रस्त्याच्या बाजूचं दार. कळ काढलेली. वळणामागून काहीतरी जड येतंय, काच थरथरतेय — बिलियाना — हाताएवढीच मी आहे — हात मागे — पेन टाकून हात मागे — तिचा कोट धर