लिलिनोएचं नावगाणं

प्रिय लिलिनोए,

कालच्या मेजवानीची किळस अजून गेलेली नाही. समोर अळूच्या कंदांची पोई वाढून ठेवली आहे, पण बोट बुडवावंसं वाटत नाही. ऊस लावायला आलेल्या विल्टनसाहेबाला खूश करायला तुझ्या कामोहोमामाने, म्हणजे माझ्या कारभाऱ्याने, अख्खं डुक्कर भाजलं. तिथवर ठीक होतं. मग गायकांनी सूर लावला. तुझं नावगाणं! होनोपुआ खोऱ्यातला झरा, वारा, धुकं सगळं जागच्या जागी, फक्त तुझ्या नावाच्या ठिकाणी विल्टन. त्याला एक अक्षर कळत नव्हतं. चरबीने माखलेल्या हाताने मांडीवर ठेका धरून बसला होता, शी! म्हातारी माणसं खाली माना घालून जेवत राहिली.

कामोहोला मी तिथेच झापलं. तर दात काढून म्हणतो, "अगं ताई, रचलंस तूच ना? मग दुसरं रच की! तुला काय कमी आहे?" मी म्हटलं, "पाहुणा आला की अंथरायची चटई आहे का रे ती?" त्यावर हा निर्लज्ज हसला. खरा डाव आज कळला. शनिवारी सरदारांच्या सभेत विल्टन तो झरा मागणार आहे. ज्याच्या नावगाण्यात जागा, त्याचा तिच्यावर हक्क, ही आपली रीत त्याला कुणीतरी पढवली आहे. म्हणे, गाण्यात नाव माझं आहे, चारचौघांनी ऐकलंय.

तू जन्मलीस तेव्हा रीतीप्रमाणे तुला केकेलाताईच्या ओटीत घातलं. अशा वेळी आईने रडायचं नसतं. मी रडले नाही, गाणं रचलं आणि तुझ्या कानात म्हटलं. तू तिलाच आई म्हणतेस, ते बरोबरच आहे. माझ्याशी तुझं फारसं पटत नाही, तेही मला ठाऊक आहे.

तरी लिहिते आहे, कारण नावगाणं ज्याला दिलं त्याचंच असतं. रचणारीलाही ते विचारल्याशिवाय म्हणता येत नाही. सभेत उभं राहून, तुझ्या नावासकट, ते म्हणायची मला परवानगी दे. माझा माणूस उत्तरासाठी तुझ्या दारात थांबेल. हो म्हणालीस, तर विल्टनच्या तोंडावर म्हणेन. नाही म्हणालीस, तर अख्ख्या बेटावर जिचा हुकूम चालतो ती मी, भर सभेत तोंड मिटून बसेन.

तुझीच,
कालेइमोमी