बत्तीस म्हणायला लागलेला वेळ

१२ जानेवारी, सोमवार
सापडला. माझ्या अपेक्षाचे फोटो इन्स्टावर टाकणारा सापडला!

चार महिने झाले. गणपतीत कॉलेजच्या कार्यक्रमात ती गायली, वरचा सूर लागला नाही, आवाज फाटला. एवढंच. कुणीतरी त्याची रील केली, मागं मेंढराचं ओरडणं लावलं. नाव पडलं — म्हसवडची मेंढी. माझे वडील म्हसवडला मेंढरं राखायचे, हे त्या अकाउंटला कसं कळलं, ते तेव्हा मनात आलं नाही. मग तिचं तोंड घाणेरड्या फोटोंना चिकटवलं. अकरावीतली पोरगी घरात बसलीय. हे मिलिटरीतनं रिटायर झालेले, आता एमआयडीसीत वॉचमन. म्हणतात, "तिला कवठे महांकाळला बहिणीकडं ठिवू." पोलिसात अर्ज दिलाय, चौकशी चालू आहे.

आज नवा फोटो आला. अपेक्षा माझ्या शिलाईच्या मशीनजवळ, मागं मोरपंखी ब्लाउज. तो ब्लाउज मी शनिवारी टांगला आणि संध्याकाळी दिलासुद्धा. शनिवारी दुकानात, म्हणजे घराच्या पुढच्या खोलीत, दोघंच आली — शेजारची चंद्राबाई, जिला माझं माहेर ठाऊक आहे, आणि तिचा मुलगा रविराज. अपेक्षाच्या वर्गातला. अपेक्षा चहा घेऊन आली तेव्हा कोपऱ्यात मोबाईल धरून बसला होता.

१३ जानेवारी
ह्यांना सांगितलं. म्हणाले, "पोरगं हाय. त्याच्या आईशी बोल."
नाही बोलणार. चंद्राबाई दोन कानाखाली देईल, तो सॉरी म्हणेल, मिटलं. माझ्या पोरीचे चार महिने तेवढ्यात फिटत नाहीत.

१७ जानेवारी
रविराज बोलताना अडखळतो, लहानपणापासून. अपेक्षा सांगायची, वर्गात तोंडच उघडत नाही, मान हलवून भागवतो.

आज पॅन्टचं माप द्यायला एकटाच आला. मोबाईल कापडाच्या गठ्ठ्याला टेकवून आधीच चालू केला होता. मागं कोरी भिंत येईल असा.
"कंबर किती ठेवू रं?"
"ब — ब — ब —"
मानेच्या शिरा ताणल्या. डोळे मिटले त्यानं. बाकीच्या वेळी मी शब्द पुरवते. आज नाही पुरवला.
"सावकाश सांग," म्हणाले. अगदी मायेनं.

१८ जानेवारी
यूट्यूब बघून शिकले. माझा आवाज कापला, त्याचं शेवटचं 'बत्तीस' ठेवलं. दुसऱ्या नावानं अकाउंट काढलं, व्हिडिओ टाकला. मागं स्टार्टर मारून मारून चालू न होणाऱ्या स्कूटरचा आवाज लावला.

२० जानेवारी
नऊ हजार लोकांनी बघितला. पाय मशीनवर, डोळे मोबाईलवर. एकानं लिहिलंय, 'ह्याचं बत्तीस हुईपर्यंत आमी म्हातारं हुतो.' लय हसले. एका ब्लाउजची बाही उलटी जोडली, उसवावी लागली. चालेल.

रविराजला कळलं असणारच, कुणी काढला ते. पण आईला सांगणार कसा? आधी स्वतःचं सांगावं लागेल.

२४ जानेवारी
चंद्राबाई आली. खुर्ची दिली तरी उभीच.
"अंजनाताई, पोरगं तीन दिस जेवलं न्हाई. दार लावून बसलंय. कॉलेजात गेलं की पोरं स्कूटर सुरू केल्यागत पाय हापटत्यात. कुणी केलं असंल वं? कसली मानसं असत्यात ही?"
मी पाणी दिलं. म्हणाले, "पोरांचं काय मनावर घ्यायचं. विसरतील."
हेच ती मला दिवाळीत म्हणाली होती, अपेक्षाबद्दल. तिला आठवलं नाही. किंवा आठवलं. पाणी न पिता गेली.

२५ जानेवारी
मेंढीवालं अकाउंट बंद झालंय. जिंकले मी.

२७ जानेवारी
काढून टाकावा का व्हिडिओ? सकाळपासून दोनदा बोट तिथपर्यंत गेलं.
राहू दे. अजून आठ दिवस. आम्ही चार महिने काढलेत.

२९ जानेवारी
दुपारी अपेक्षा आपणहून मशीनजवळ येऊन बसली. मोबाईल पुढं केला. रविराजचाच व्हिडिओ. कुणी टाकलाय, तिला ठाऊक नाही; तिचे फोटो ह्यानंच टाकले, हेही नाही. खाली एक कमेंट — 'जीभ छाटून टाक रे, सगळ्यांचाच वेळ वाचेल.'
"ही माझी," म्हणाली. "अडीचशे लाईक आलेत. आई, तू पण कर की."
हसत होती. चार महिन्यांनी हसत होती.
मी लाईक केलं.