इतवारी गाडीत काऊन चढत नाई

४ डिसेंबर

आजही तेच! सावलीच्या स्टँडवर चढलो तं मागच्या तीन सीटा रिकाम्या, अन् लोकं पुढं करिश्माभोवती उभे. सीट सोडून उभे! कशासाठी — गोष्ट ऐकायले.

ही माझ्या आधी, व्याहाडले चढते. जंगलातल्या कोण्या गावची, तिकडून फाट्यावर येते पायी. चंद्रपूरले नर्सिंगले आहे. मी चंद्रपूरच्या लायब्ररीत — घरी सांगितलं स्पर्धा परीक्षा, खरं म्हणजे कादंबरी लिहितो. म्हणजे रोज एकच गाडी दोघांची. सावली ते मूल ती गोष्ट सांगते. मूलच्या स्टँडवर नीलाबाई मासोळ्याचं टोपलं घेऊन उतरते, तिथंच गोष्ट बंद. मंग अख्खी गाडी — "पुढं काय झालं वं?" — "उद्या." अन् खिडकीले डोकं लावून झोपून जाते!

सुरेंद्रभाऊ कंडक्टर तिचं वाक्य संपेस्तोवर बेल देत नाई. मी एकदा धावत आलो होतो तं माझ्यासाठी अर्धा मिनिट नाई थांबला.

बायकांचं तिकीट अर्धं. अर्ध्या तिकिटावर पूर्ण गाडी खाऊन टाकली हिनं.

५ डिसेंबर

गोष्ट काय, तं इतवारी नावाचा माणूस. फाट्यावर रोज उभा राहते. हात दाखवते, गाडी थांबवते, पायरीवर एक पाय ठेवून विचारते — "जागा हाय का?" कंडक्टर म्हणते, हाय. "बरं हाय मंग," म्हणते, अन् पाय खाली घेते. गाडी जाते. दुसऱ्या दिवशी पुन्हा!

एवढंच. सात दिवसांपासून एवढंच! अन् लोकं पागल.

काऊन चढत नाई तो? मलेही माहीत पाहिजे. याचाच जास्त राग येऊन राह्यला.

६ डिसेंबर

नीलाबाईले कादंबरीची दोन पानं वाचून दाखवली. सावली ते मूल हा भाग. त्यात एकही क्रियापद नाई — तीन महिने लागले मले त्याले! तिनं तंबाखूचा खर्रा दुसऱ्या गालात घेतला. पूर्ण ऐकलं, खोटं काऊन बोलू.

"बाबू, याच्यात माणूस केव्हा चढते?"

सुरेंद्रभाऊ तिकीट काढता काढता हासला. ड्रायव्हरही हासला, त्याले ऐकूही आलं नसन. करिश्मा नाई हासली. तेच जास्त लागलं.

"पुढं काय झालं" — कोणीच नाई विचारलं.

७ डिसेंबर

लायब्ररीत पाच तास. एक ओळ. खोडली.

९ डिसेंबर

चंद्रपूरच्या एका मंडळाची कथास्पर्धा आहे. लायब्ररीच्या बोर्डावर कागद लागला. शेवटची तारीख १४. पहिल्या नंबरची छापून येते.

माझ्यापाशी कथा नाई. तिच्यापाशी आहे, अन् तिले त्याचं काई पडलंही नाई! गाडीत बोललेली गोष्ट कोणाची असते? हवेची. ज्यानं लिहिली त्याची.

(हे मी मलेच समजावून राह्यलो. दोनदा.)

११ डिसेंबर

लिहिली! एका बैठकीत! क्रियापदासकट!

शेवट तिनं अजून सांगितला नाई. मी इतवारीले गाडीखाली मारून टाकलं. दुसरं काई सुचलंच नाई.

१२ डिसेंबर

आज करिश्मा स्वतः बोलली. "अंकुशभाऊ, तुम्ही या वहीत रोज काय लिवता?" अभ्यास, म्हटलं. तं म्हणे, "तुमची ते कादंबरी मले आवडली होती थोडीशी. गाडी हालते तसं वाटे."

थोडीशी! दया करून राह्यली. राणी बसली खिडकीत अन् वाटून राह्यली — तुले थोडं, तुले थोडं.

घरी येऊन फेअर कॉपी काढली. खाली माझं नाव टाकलं. सही केली — "ही कथा माझी स्वतःची आहे." उद्या देऊन टाकतो.

१३ डिसेंबर — सुट्या कागदावर

वही गेली!!

हे कथेच्या शेवटच्या पानामागं लिहून राह्यलो, दुसरा कागदच नाई. मंडळाच्या ऑफिसले कुलूप होतं. बाजूचा झेरॉक्सवाला म्हणे, उद्या या. संध्याकाळी स्टँडवर गाडी लागली — हे गर्दी! सगळे खिडकीतून सीट पकडून राह्यले. कोणी रुमाल टाकते, कोणी गमछा, एका बुढ्यानं तं चप्पल टाकली! माझ्यापाशी रुमाल नाई. हातात वही होती. फेकली. बरोबर सीटवर पडली, मी खुश! दारातून चढाले गेलो तं ढकलत ढकलत लोकाईनं बाहेरच काढलं. कंडक्टर दुसराच कोणी होता. "फुल्ल झाली, फुल्ल! मागून येऊन राह्यली दुसरी!" बेल. गेली.

गाडी वळली तेव्हा ते खिडकी दिसली. बाजूच्या सीटवर करिश्मा. माझी वही तिच्या मांडीवर, उघडी.

चार तारखेपासून सगळं आहे तिच्यात. अर्धं तिकीट. हवेची गोष्ट. राणी. सही. सगळं!

दुसऱ्या गाडीत बसाले जागा भेटली. बसलो नाई.

१४ डिसेंबर

आज गाडीत गोष्ट नाई. करिश्मानं वही हातात दिली. नीलाबाई म्हणे, "काय वं पोरी, इतवारीचं काय?" तं म्हणे, "आता अंकुशभाऊले विचारा," अन् डोकं खिडकीले लावलं.

मूलपर्यंत वही उघडाची हिंमत नाई झाली. मंग उघडली. बारा तारखेच्या खाली, "उद्या देऊन टाकतो"च्या खाली, निळ्या पेनानं, गोल अक्षरात —

"मंग पुढं काय झालं?"