एका पुड्यात चौदा वाढदिवस

१४ मे, बुधवार

आज बत्तीस पूर्ण झाली. ही बातमी सकाळी सात वाजून दोन मिनिटांनी बँकेनं मेसेज करून कळवली. नऊ वाजता विमा कंपनीनं. त्यानंतर दिवसभर कुणी नाही.

भरतला दोन्ही गायींच्या तारखा तोंडपाठ आहेत – कधी भरली, कधी विणार, सगळं. बायकोची एकच तारीख आहे, ती काही लक्षात राहत नाही. (तोंडावर ‘अहो’, वहीत भरत. एवढं तरी स्वातंत्र्य असावं.) आई होती तोवर घोडेगावहून पहाटेच फोन यायचा. ती गेल्यापासून तोही नाही. वाईट वाटलं. बत्तिसाव्या वर्षी वाईट वाटून घेऊ नये म्हणे, पण वाटलं.

श्रेयाचे शाळेचे बूट आणायला दुपारी आळेफाट्याला गेले. दुकानात केकच्या मिक्सचे पुडे, एकावर एक फुकट. घेतले! घरी जाऊन गुपचूप केक करायचा, कुणी विचारलं तर ‘सहज केला’ म्हणायचं, असा बेत. राजुरीचा फाटा येईपर्यंत हिंमत संपली. स्वतःचा वाढदिवस स्वतःच करणारी बाई! दोन्ही पुडे रव्याच्या डब्यामागं लपवून टाकले.

रात्री जेवायला पिठलं.

१५ मे

सापडले. माझी लपवायची जागा नेमकी तीच निघावी जिथून सासूबाई रोज रवा काढतात. सात वर्षं या स्वयंपाकघरात आहे मी.

“हे काय गं?” आत्या (सासूबाईंना मी आत्याच म्हणते) म्हणाल्या. पुड्यावर केकचं एवढं मोठं चित्र, त्यामुळं साबुदाणा म्हणायची सोय नव्हती.

“तुमच्या वाढदिवसाला आणलेत, आत्या. एक जूनला.”

कुठून सुचलं देव जाणे. त्यांच्या रेशनकार्डाचा फॉर्म मीच भरला होता, म्हणून तारीख डोक्यात होती.

आत्यांना बोलायला कधी शब्द कमी पडत नाहीत. आज पडले. “माजा वाढदिवस?” एवढंच म्हणाल्या.  मग दोन्ही पुडे पदरानं पुसले आणि ठेवून दिले. रव्यामागं नाही – देव्हाऱ्याशेजारच्या फळीवर.

१६ मे

साठीच्या बाईचा आयुष्यातला पहिला वाढदिवस, आणि तो मी खोटं बोलून आणलाय. शाबास हर्षाली.

१८ मे, रविवार

आत्यांनी डेअरीवर सांगितलं. दूध घालायला अख्खी वाडी येते, म्हणजे पेपरात दिल्यासारखंच.

आता झालंय असं, की आमच्या वाडीत त्या वयाचं जे कुणी शाळेची पायरी चढलंय, त्या सगळ्यांचा जन्म एक जूनचा. गुरुजी कुणाला विचारत बसायचे नाहीत. शाळा भरायच्या आत पोराला सहा वर्षं पूर्ण दिसली पाहिजेत, की झालं – लिहा एक जून. तीच तारीख पुढं आधारकार्डावर गेली. आत्या दुसरीपर्यंत शिकल्या, तेवढ्यात त्यांना जन्मतारीख मिळाली.

संध्याकाळी शेजारचे गेणूतात्या दारात. “हर्षाली, माजा बी एक जूनच हाय. कार्ड दावू का?”

रात्रीपर्यंत आकडा चौदावर गेला. चौदात माझे सासरे पण आहेत. त्यांना कुणी विचारलंही नव्हतं, ते स्वतःहून हळूच म्हणाले, “आमी पण त्यातच.” वाडीतल्याच ठकूबाईंची तारीख आधारवाल्यानं एक जानेवारी टाकलेली, कारण त्या शाळेतच गेल्या नाहीत. पण त्याही येणार. “तारखंचं काय घिऊन बसली?” म्हणाल्या. पोरंटोरं धरून चाळीस माणूस.

पुड्यावर लिहिलंय – सहा ते आठ जणांसाठी.

मी म्हटलं, दुकानातून मोठा केक आणू. आत्या म्हणाल्या, “इकतचा नको. मी सगळ्यांस्नी सांगितलंय, सूनबाई हातानं करणार हाय.”

२१ मे

पहिला प्रयोग. एका पुड्यात दोन वाट्या रवा, वाटीभर कणीक, आणि हात लागला म्हणून मूठभर बाजरीचं पीठ. कुकरच्या तळाला मीठ, वर स्टँड, शिट्टी काढलेली – सगळं मोबाईलवर बघून केलं होतं. पाऊण तासानं झाकण काढलं.

फुगला नव्हता. उलट घातला होता त्यापेक्षा खाली गेला होता. सुरी घातली, ती तशीच उभी राहिली. श्रेया म्हणाली, “मम्मी, हा केक झोपलाय.” आत्यांनी तुकडा तोंडात घातला, खूप वेळ चावला. “लापशी बरी झाली,” म्हणाल्या.

उरलेला गायीला घातला. तिनं खाल्ला, पण माझ्याकडं बघत खाल्ला.

आता पुडा एकच उरला.

२२ मे

आरफाला फोन केला. जुन्नरला कॉलेजात आम्ही एका बाकावर बसायचो. ती आता ईदला, लग्नाला केकच्या ऑर्डरी घेते. आधी पोट धरून हसली, मग शिकवलं.

“पीठ वाढवलं तर साखर पण वाढव, तेल पण, फुगवायची पावडर पण. तू नुसती माणसं वाढवलीस, पाटच मांडले नाहीस गं.” एका पुड्याला वाटीभर मैदा, पाऊण वाटी पिठीसाखर, अर्धा चमचा बेकिंग पावडर, अर्धी वाटी दही. रवा घालायचाच असेल तर बारीक, आणि आधी दह्यात भिजवून.

“किती जणांचा करायचाय?”

“चाळीस.”



“वाढदिवस कुणाचा?” तिनं विचारलं. म्हटलं, सासूचा. मग एकदम तीच म्हणाली, “अगं, तुझा पण मेमध्येच असतो ना कधीतरी?” मी म्हटलं, झाला. ती सॉरी सॉरी करत बसली. मी दूध उतू जातंय सांगून फोन ठेवला. दूध नव्हतंच गॅसवर. आजकाल माझ्या तोंडून खरं कमीच निघतं.

२७ मे, मंगळवार

आत्यांना घेऊन जुन्नरला, सेतू केंद्रात. घरातल्या सगळ्यांची आधारकार्डं रेशनकार्डाला पुन्हा जोडायची होती. ही गर्दी. कॉम्प्युटरवरच्या मुलीचा आवाज मात्र खणखणीत – “साळुबाई, एक सहा. कुंडलिक, एक सहा. भरत, नऊ अकरा. हर्षाली, चौदा पाच… अय्या, तुमचा तर आत्ताच झाला की!”

मी आत्यांकडं बघितलं. त्या पंख्याकडं बघत होत्या. ऐकलं नसेल. पंखा तसा फार करकरत होता.

परतताना एसटी नारायणगावात थांबली. आत्या खिडकीबाहेर बघतच म्हणाल्या, “त्यो पुडा आळेफाट्याहून कवा आणला व्हता गं?”

“असाच. मागं.”

“हां,” म्हणाल्या.

त्या ‘हां’चा अर्थ लावत बसले. अजून लागला नाही.

२९ मे

आज सांगूनच टाकायचं ठरवलं. आत्या, तो पुडा मी माझ्यासाठी आणला होता, चुकलं माझं. दोनदा तोंडातल्या तोंडात म्हणून बघितलं. मग खोलीत गेले तर त्या पेटीतून साडी काढून बसलेल्या. हिरवी, जरीची, श्रेयाच्या बारशाला नेसल्या होत्या ती. म्हणाल्या, “ही बरी दिसंल का? फोटूत?”

बरी दिसेल म्हटलं आणि बाहेर आले.

कळलं तर त्यांना काय वाटेल? वाडीभर सांगून बसल्यात. सुनेनं लक्षात ठेवून आपल्यासाठी आणला, या एका गोष्टीवर दोन आठवडे ही बाई खुशीत आहे. आणि ती एकच गोष्ट खोटी आहे.

३० मे

भरतला सांगितलं, आळेफाट्याला जाताय तर केकचा आणखी एक पुडा आणा. चित्र दाखवलं, नाव लिहून दिलं. त्यानं कस्टर्ड पावडर आणली. “पिवळंच आहे की,” म्हणाला.

आरफा म्हणते, घाल. कस्टर्डनं केक मऊ होतो. म्हणजे भरतनं चुकून का होईना, बरोबर केलं. त्याला सांगणार नाही.

३१ मे, शनिवार

दिवसभर केक. पुडा एक, त्यात मैदा, कस्टर्ड, दह्यात भिजवलेला बारीक रवा, पिठीसाखर, साय, चार पिकलेली केळी, आणि लागेल तसं दूध. सगळं आरफाच्या मापानं, फक्त चौपट. कुकरमध्ये मावण्यातलं नव्हतं. लग्नातलं मोठं पातेलं काढलं, तळाला वाळू, चुलीवर ठेवलं. तीन घाणे!

आत्या सकाळीच येऊन शेजारी बसल्या. काही न विचारता सगळं पीठ तीन-तीनदा चाळून दिलं. चुलीचा जाळ कमी-जास्तही त्याच करत होत्या. पहिला घाणा खालून करपला, दुसरा चांगला झाला, तिसरा एका बाजूला फुगला. करपलेलं खरवडून काढलं, तिन्ही एकाला एक जोडले, वरून साखर घातलेली साय थापली. लांबून बघितलं तर केक. जवळून बघितलं तर दुरुस्तीला काढलेला रस्ता.

पुड्याच्या पांढऱ्या पिठाचं त्यात किती असेल? दहावा हिस्सा? बाकी सगळं आमचंच घर.

“माजी आई म्हणायची,” आत्या चुलीत बघत म्हणाल्या, “तू आंब्याच्या दिसात झाली. पाडाला आलेलं आंबं उतरवीत व्हते आन मला कळा सुरू झाल्या, म्हणायची. दिस कोणता त्ये तिला बी ठावं न्हाई.”

मी ऐकून घेतलं. सांगायला हीच वेळ बरी होती. पण तिसरा घाणा लागायला लागला होता, आणि मला निमित्त पुरलं.

१ जून, रविवार

अंगणात सतरंजी. पस्तीस-चाळीस माणूस आलं. आधी वाद झाला, गाण्यात नाव कुणाचं घ्यायचं. पोरांनी मार्ग काढला – हॅप्पी बर्थडे टू सगळे. मेणबत्ती एकच, फुंकणारे चौदा. गेणूतात्यांनी खोकतच विझवली.

मग वयं मोजायला बसले. कार्डावरचं वय कुणालाच मान्य नव्हतं. कोयनेचा भूकंप झाला तेव्हा कोण पाळण्यात, कोण चालत होतं, यावरून हिशेब. ठकूबाई म्हणाल्या, त्या भूकंपाच्या पहाटे भाकरी थापत होत्या, म्हणजे सगळ्यात मोठ्या त्याच. शाळेत न जाऊनही पहिला नंबर.

सुरीला चौदा हात. केक कापल्यावर आत्यांनी पहिला तुकडा उचलला. सगळ्यांना वाटलं, सासऱ्यांना देतील किंवा श्रेयाला. त्यांनी माझ्या तोंडासमोर धरला.

“अहो, तुमचा वाढदिवस आहे,” मी म्हटलं.

“खा गप.”

खाल्ला.  

केक पुरला. चाळीस माणसांना पुरून तीन तुकडे उरले! गेणूतात्यांनी दोनदा घेतला. आत्या जाता जाता म्हणाल्या, “जरा कोरडा झालाय.” फोटोत सगळे हसतायत, माझे डोळे मिटलेले.

२ जून

गायीनं उरलेला केक खाल्ला. या वेळी बघितलं नाही माझ्याकडं.

३ जून

आत्या सकाळी आधारकार्डं पेटीत ठेवत होत्या. माझं कार्ड हातात धरून म्हणाल्या, “तुजा पुडा मी खाल्ला. सेतूतच कळलं मला.” मी रडायलाच लागले. त्यांनी रडू दिलं. मग म्हणाल्या, “माज्या जल्माचा दिस कुणालाच ठावं न्हाई. गुरुजींचा नको आता. पुढल्या साली चौदा मेला करू. दोघींचा. आंब्याच्या दिसातच येतोय. एका पुड्यात भागंल.”

दारापर्यंत जाऊन परत वळल्या. “आन तवा रवा नको घालू.”