संगमरवरी बाळाला दृष्ट

लाडक्या आईला ख्रिसांथीचा गोड पापा,

संग्रहालयातली नोकरी छान चाललीय, जेवतेही वेळेवर. तुझे गुडघे काय म्हणतात?

काल पुरातन शहराच्या दालनात एक आजी संगमरवरी बाळाकडे बघून "थू थू थू" करायला लागल्या. मी पहारेकरीण, धावलेच. "अहो आजी, पुतळ्यावर थुंकता काय!"

"थुंकतेय कुठे? दृष्ट लागू नये म्हणून करतेय. एवढं गोंडस पोर, हजारो वर्षं चारचौघांत उघडं बसलंय!"

मग माझ्याकडे निरखून पाहिलं आणि माझ्या पोटाकडे बघून पुन्हा थू थू थू!

आई, मी अजून कुणालाच सांगितलं नव्हतं. मागच्या खेपेसारखं झालं तर, म्हणून. काल मात्र रात्रभर शांत झोपले.

पत्र वाचून झालं की तूही तिकडून तीनदा कर.

तुझीच,
ख्रिसांथी