छावणीतला हंगेरीचा झेंडा

बाई, मी बी.ए. झाले. आमच्या घरात कॉलेजात जाणारी मी पहिलीच, हे तुम्हाला माहीत आहे. निकाल लागला त्या दिवशी वडलांनी गंगापूरच्या एस.टी. स्टँडवर ओळखीच्या-अनोळखीच्या सगळ्यांना पेढे वाटले, कंडक्टरलासुद्धा. आईनं मात्र पहिला पेढा तुमच्या शिलाई मशीनवर ठेवला. "पोरीला इंग्रजी त्यांनी शिकवली, त्यांचा मान आधी," म्हणाली. सकाळी मशीनला मुंग्या लागलेल्या, आणि त्या मुंग्यांना शिव्याही तिनंच घातल्या. आता मी मुलींच्या शाळेत इतिहास शिकवते. परवा धड्यात तुमचा देश आला. पुस्तकात तो जेमतेम अर्ध्या पानाचा आहे, पण घंटा झाली तरी माझा तास संपेना. त्या दिवसापासून तुम्ही मनातून हलत नाही आहात, म्हणून हे लिहायला बसले.

तुमचा लष्करी छावणीतला व्हरांडा मला अजून दिसतो. तुम्ही मशीनवर बसला आहात, आई खाली सतरंजीवर काज-बटण आणि तुरपाई करते आहे, दोघींच्या मधे मी पाटी घेऊन. फौजी साहेबांच्या बायकांचे फ्रॉक, पडदे, मुलांचे गणवेश, असं सगळं त्या एका टोपलीत पडायचं आणि टोपलीतलं जे फाटकं निघेल ते आई नीट करायची. तुमची भाषा मोठी गमतीची होती. थोडी मराठी आईकडून उचललेली, बाकी दखनी छावणीच्या बाजारातून, आणि रागावलात की तुमची स्वतःची, जी तिथं कुणालाच कळत नसे. "ये 'बी' का पेट इतना बडा कायको? खाना जादा हुआ क्या?" माझी पाटी बघून तुम्ही विचारायचा. मी पुसून पुन्हा काढायची आणि पोट आणखीच सुटायचं. वडलांनी तेव्हाच अट घातलेली होती, "बाई हायत तवर शिकंल. फुडलं फुडं बघू."

तुम्ही इथं कशा आलात, ते तुम्ही तुकड्यातुकड्यानं सांगितलंत. नवऱ्याबरोबर कामासाठी आलात, मागे युद्ध पेटलं, तुमचा देश जर्मनीच्या बाजूला म्हणून इंग्रजांनी तुम्हा दोघांना साताऱ्याकडे नजरकैदेत ठेवलं. तुमचे साहेब वारले. सुटलात तेव्हा परत जायला घर उरलं नव्हतं, म्हणून आमच्या छावणीत येऊन शिवणकाम धरलंत. आईला हे ऐकून कधी नवल वाटलं नाही. रझाकारांच्या दिवसांत तीही मला पोटात घेऊन, डोक्यावर गाठोडं घेऊन गोदावरी ओलांडून नगरच्या बाजूला गेली होती. पोलीस ॲक्शन होईपर्यंत तिथल्या निर्वासितांच्या छावणीत राहिली. आपला तिरंगा तिनं पहिल्यांदा तिथंच पाहिला. "आमी बी गेलतो की नदी वलांडून," ती तुम्हाला म्हणायची, जणू तुम्ही दोघी एकाच गावाहून निघालेल्या.

छप्पन्न सालची दिवाळी तोंडावर आली आणि तुमचा रेडिओ दिवसभर चालू राहू लागला. तुमच्या गावात लोक राज्यकर्त्यांविरुद्ध रस्त्यावर उतरले होते, मग रणगाडे आले, मग सगळं चिरडलं गेलं. त्या दिवसांत तुम्ही एका फ्रॉकला तीन बाह्या लावल्यात. पुढं तुमच्या धाकट्या बहिणीची व्हिएन्नाहून तार आली. लेकराला कडेवर घेऊन ती सरहद्द चालत ओलांडून गेली होती. आता कॅनडाला निघाली होती आणि तुम्हाला बोलवत होती. आमच्या घरात त्यानंतर एकच विषय. तुम्ही जाणार का?

"सख्खी भन हाय. जाणारच," आई म्हणाली.

वडील माझ्या पाटीकडे बघत होते, आणि ते का, हे मला कळत होतं.

नाताळाच्या आधीच्या रविवारी तुमच्याकडे तुमच्या देशाची माणसं जमली. हैदराबादचे म्हातारे दंतवैद्य रात्रभर गाडीत बसून आले. पहिल्या महायुद्धानंतर त्यांचं घर जागच्या जागी राहिलं आणि सरहद्दच हलली, त्यामुळे ते स्वतःच्या अंगणात परके झाले होते. मुंबईचं जोडपं ज्यू. हिटलरच्या भीतीनं तीसच्या दशकात निघालेलं. तुमच्यासकट सगळी तीन वेगळ्या वादळांत उडून आलेली. राजकारणावर त्यांचं एक वाक्य जुळत नव्हतं. जुळायचं ते फक्त तुमच्या लाल रश्शावर. त्या दिवशी तो आईनं हलवला होता आणि तुमच्या गोड मिरचीच्या जागी आमची घातली होती. दंतवैद्यांचं नाक वाहत होतं, डोळे वाहत होते, तरी वाटी पुढं येत होती.

मग तुम्ही आईला झेंडा आणायला सांगितलंत. लाल, पांढऱ्या, हिरव्या पट्ट्यांचा, तुम्ही स्वतः शिवलेला, आणि तिकडच्या लोकांनी केलं तसंच मधे गोल भोक कापलेला. कड उसवू नये म्हणून तुरपाईला तो टोपलीत टाकला होतात. आईनं घडी उलगडली आणि सगळे पुढं वाकले. भोक नव्हतंच. तिथं वडलांच्या जुन्या धोतराचं पांढरंशुभ्र ठिगळ होतं आणि त्यावर निळ्या दोऱ्यानं भरलेलं अशोकचक्र. आरे मात्र चोवीस नव्हते, जागा पुरली तेवढेच.

"ये क्या किए अम्मा?" दंतवैद्य ताडकन उठले. "उस भोक के वास्ते लोगां जानां दिए!"

"मला काय ठावं?" आई गोरीमोरी झाली. "आपला झेंडा फाटल्याला, चक्र गेल्यालं. वरचा रंग बी चुकल्याला, पर त्यो काय मला बदलता येईना. चक्र तेवढं बसवलं."

तुम्ही तिला खाली बसवलंत आणि सगळं सांगितलंत. राज्य करणाऱ्यांनी झेंड्यावर आपली खूण आणून बसवली होती, लोकांनी ती कापून टाकली, म्हणून ते भोक.

"म्हंजे ज्यांचं राज नको, त्यांची खूण काढली?"

"हौ."

"लई बेस केलं. आमच्याकडं बी झेंडा उतरवलाच की." आईनं थोडा विचार केला. "पर तसंच भोक ठिवलं तर वाऱ्यानं फाटत जाईल वो. तरी बी तुमचं खरं. थांबा, ठिगळ उसवते." आणि तिनं कात्री उचलली.

"नक्को! हात नक्को लगाओ उसको!" तुम्ही तिचा हात धरलात आणि हसायला लागलात. असं हसलात की मुंबईच्या बाईंनी पाणी आणलं. दंतवैद्य अजून फुरंगटलेले होते. "तो अब ये कौन से मुल्क का झंडा हुआ?" त्यांनी विचारलं.

"मेरे घर का," तुम्ही म्हणालात. मग उठून तो व्हरांड्याच्या भिंतीवर चार खिळ्यांनी ठोकलात. दंतवैद्य त्याच्याकडे बराच वेळ बघत बसले, आणि शेवटी त्यांची वाटी पुढं आली.

संध्याकाळी आम्ही निघालो तेव्हा आईनं विचारायचं धाडस केलं, कधी निघणार म्हणून. तुम्ही भांडी पुसत होता. "कॅनडा में भोत थंडी है बोलते," तुम्ही म्हणालात. "और इस बच्ची का 'बी' अब्बी सुधरा नै." घरापर्यंत मी उड्या मारत गेले. आईनं वाटेत दोनदा दटावलं आणि तिसऱ्यांदा स्वतःच हसली.

त्यानंतर तुम्ही फार वर्षं राहिला नाहीत, पण जितकी राहिलात ती इथं राहिलात. तुम्हाला पोचवायला दंतवैद्य काठी टेकत आले. त्यांनी झेंडा तुमच्यावर पांघरला, ठिगळाची बाजू वर करून, आणि नंतर घडी घालून आईच्या हातात दिला. मशीनही आमच्याकडे आलं. 'बाई हायत तवर' या अटीचं नाव वडलांनी पुन्हा कधी काढलं नाही. मीही आठवण करून दिली नाही.

हे पत्र पाठवायची सोय नाही. छावणीमागच्या दफनभूमीत नेऊन ठेवावं तर तिथं शेळ्या चरतात, त्या शाईसकट खातील. तेव्हा ते मशीनच्या खणातच राहील. फक्त एक सांगायचंय. परवा मी तो झेंडा वर्गात नेला होता. भोकाची गोष्ट सांगितली, ठिगळाचीही सांगितली. आज चाचणीचे पेपर तपासताना एका मुलीनं हंगेरीचा झेंडा काढलेला दिसला. लाल, पांढरा, हिरवा, आणि मधोमध निळं चक्र. आरेही आईसारखेच, जागा पुरली तेवढे. मी इतिहासाची शिक्षिका आहे, चूक काय ते मला कळतं. पूर्ण मार्क दिले, बाई.