कोपऱ्यावर थांब

प्रिय आई, रागावलेली असलीस तरी प्रियच,

वोनीमावशीच्या हाती तू धाडलेला, भाजलेल्या पोमचा डबा मिळाला. त्यातली कोंबडी नेहमीसारखीच मऊ होती, पण डब्यावर तुझी चिठ्ठी नव्हती. फोनही तू उचलत नाहीस. म्हणून लिहितेय.

गेल्या शनिवारी रॉटरडॅमला माझा प्रयोग पहिल्यांदाच आपल्या सुरिनामी लोकांपुढे झाला. आजवर बघणारे म्हणजे माझे शिक्षक आणि अनोळखी पाहुणे. ते गंभीर चेहऱ्याने टाळ्या वाजवायचे. मी नाचते, मागे पडद्यावर समुद्र हलत असतो, आणि आफ्रिकेतून सुरिनामला नेलेल्या आपल्या बायकांची नावं घेत मी खळ दिलेला रुमाल डोक्याला बांधते. मग प्रेक्षकांकडे पाठ करून उभी राहते, शोकात. नेमक्या त्याच वेळी पहिल्या रांगेतल्या आज्या खुदखुदायला लागल्या. एक तर ओरडलीच, "अगं बाई, कोपऱ्यावर कोण उभा आहे गं तुझा?" सगळं सभागृह हसून लोटपोट.

नंतर मावशीने मला आरशापुढे उभं केलं. "पोरी, टोकं अशी सोडली की त्याचा अर्थ 'कोपऱ्यावर थांब, आलेच'. पणजीच्या दुःखात तू याराला निरोप धाडलास!" ती हसत सुटली, मग मीही. खरंच आई, मला वाईट वाटलं नाही. गुलामीत तोंड उघडायची सोय नव्हती, तेव्हा त्या बायका डोक्यावरच्या कापडातून बोलायच्या, हे मला ठाऊक होतं. पण त्यातले काही निरोप प्रेमाचेही असतील, हे चार वर्षं शिकूनही सुचलं नाही. मी त्यांना नुसतं रडायला लावत होते.

"घडी शिकलीस कुठे?" मावशीने विचारलं. एका जुन्या फोटोवरून, म्हटलं. तिचं हसू थांबलं. "आणि हेर्मिनाला, स्वतःच्या आईला, विचारायला काय जीभ झडली होती?"

कुणाची पन्नाशी असली की शेजारणी रुमालाला घडी घालून घ्यायला तुझ्याकडे यायच्या. दिवसभर ऑफिसं झाडून आलेली तू इस्त्रीशी उभी. मी हात लावला की म्हणायचीस, "जा, अभ्यास कर. हे माझ्यापाशीच संपू दे." मी ते खरंच मानलं. घरातली पहिली पदवीधर झाले आणि प्रयोगाच्या पत्रकावर छापून टाकलं, 'ही विद्या आमच्या कुटुंबात हरवली.' तू इस्त्री हातात घेऊन उभी असताना! ते पत्रक तुझ्या टेबलावर आपणच ठेवल्याचं मावशीने कबूल केलंय.

ते वाक्य मी काढलं. रविवारी दुपारी ॲम्स्टरडॅमला येतेय. रुमालाला खळ देऊन आणते, घडी तू घाल. पुढच्या प्रयोगात मंचावर येऊन तूच तो माझ्या डोक्याला बांधावास, असं फार वाटतं. नको म्हणालीस तर हट्ट करणार नाही. पण सोमवारी नवं पत्रक छापायला जाईल आणि 'रुमालाची घडी' या शब्दांपुढे तुझं नाव असणारच. एवढंच सांग, आडनाव माहेरचं घालू की आत्ताचं?

तुझीच, अजून बरंच शिकायची राहिलेली,
सेरिता